पस्तीस अडथळ्यांची शर्यत
– ऊस विकास अधिकारी, शेतकी विभाग



ह्या पानावर आपण नेहमी बेणेबदल, हुमणी, खोडव्यातील पाचट असले विषय वाचता. ह्या खेपेला विषय धावण्याचा आहे. ऊसवाल्याने पळण्यावर काय लिहावं, असं कुणाला वाटेल. पण शेवटी बोलणे एक एकर रानापर्यंत येऊन ठेपणार आहे, तेव्हा जरा दम धरून वाचावे.

ऑगस्ट २०२४ मधली गोष्ट. अडसाली लागणीच्या नोंदी चालू होत्या आणि पावसाने ओढ्याला पाणी आल्यामुळे मला एका सभासदांच्या वस्तीवरच मुक्काम करावा लागला. रात्री एक वाजता त्यांच्या मुलाने टीव्ही लावला. पॅरिस ऑलिंपिकमधली ३००० मीटर स्टीपलचेसची अंतिम शर्यत होती. आवाज ऐकून घरातले आबाही उठून ओसरीवर आले. पंधरा-सोळा पोरं पळताहेत, लाकडी आडव्यावरून उड्या घेताहेत आणि मधेच पाण्यात पडताहेत, हे पाहून आबा म्हणाले, "साहेब, ह्यांना कोरडा रस्ता मिळंना व्हय? आन पाणी कुणी सोडलंय तिथं?"

मी म्हटलं, "आबा, पाणी मुद्दाम सोडलंय. त्यातला निळ्या बनियनचा पोरगा आपला. आष्टीचा आहे."

"आष्टी म्हंजे बीडकडची? आपल्या टोळ्या येत्यात तिकडची?"

"होय, तिथलाच."

मग आबा खाली बसले आणि शर्यत संपेपर्यंत हलले नाहीत. अविनाश साबळे अकरावा आला. आबांनी विचारलं, "अकरावा म्हंजे कुठला?" मुलगा म्हणाला, "जगातला, आबा." आबा म्हणाले, "मग बरा हाय की," आणि झोपायला गेले.

ती शर्यत डोक्यातून गेली नाही. म्हणून हा लेख.

आधी शर्यत काय असते ते सांगतो. स्टीपल म्हणजे चर्चचा उंच मनोरा. इंग्लंडमध्ये पूर्वी एका गावच्या मनोऱ्यापासून दुसऱ्या गावच्या मनोऱ्यापर्यंत घोडी पळवीत. वाटेत बांध, कुंपणे, ओढे जे येईल ते ओलांडायचे. पुढे तशीच माणसे पळू लागली आणि त्या बांधा-ओढ्यांची नक्कल मैदानात आली. ३००० मीटरच्या शर्यतीत २८ कोरडे अडथळे आणि ७ पाण्याच्या उड्या, असे एकूण ३५ अडथळे असतात. पुरुषांसाठी अडथळ्याची उंची ९१.४ सेंटिमीटर, म्हणजे बरोबर तीन फूट. महिलांसाठी ७६.२ सेंटिमीटर. हर्डल्सच्या शर्यतीत अडथळ्याला पाय लागला तर तो पडतो. इथला पडत नाही. तो जड तुळईचा असतो. पाय अडकला तर पडायचं ते धावणाऱ्याने.

पाण्याचा खड्डा अडथळ्यापासून ३.६६ मीटर लांबीचा, म्हणजे बारा फुटी. अडथळ्याच्या बुडाशी तो खोल असतो आणि पुढे उतरत उतरत उथळ होत जातो. त्यामुळे जो जास्त लांब उडी घेईल तो कमी पाण्यात पडेल, आणि जो दमून जवळच पडेल त्याला जास्त पाणी. म्हणजे जो दमला त्यालाच अधिक दमवायची व्यवस्था! पाळीच्या पाण्याचा अनुभव असलेल्या सभासदांना ह्यात नवल वाटू नये.

आम्ही शेतकी खात्याची माणसं रोज बांध, पाट, चाऱ्या ओलांडतच फिरतो. मला तर वाटतं ही शर्यत मुळात ओव्हरसियर लोकांसाठीच काढली असावी. पण चेष्टा बाजूला ठेवून वेग पाहा. अविनाशची सर्वांत चांगली वेळ ८ मिनिटे ९.९१ सेकंद. ही त्याने ऑलिंपिकच्या आधी जुलै २०२४ मध्ये पॅरिसच्याच डायमंड लीग स्पर्धेत दिली. हिशेब केला तर दर ४०० मीटरला सुमारे ६५ सेकंद पडतात. आपली पोरं पोलीस भरतीसाठी १६०० मीटर पळतात, त्यात पाच मिनिटांच्या आसपास आलेला मुलगा गावात कॉलर ताठ करून फिरतो. अविनाश त्याच वेगाने मोजला तर १६०० मीटर ४ मिनिटे २१ सेकंदांत जातो, तेही उड्या मारत, आणि तिथे न थांबता आणखी १४०० मीटर पळतो.

अविनाश मूळ मांडव्याचा, तालुका आष्टी, जिल्हा बीड. त्या तालुक्यातून दसरा-दिवाळीच्या सुमारास ट्रॅक्टर भरभरून माणसं आपल्याकडे कोयता घेऊन येतात. त्याचे आईवडील मात्र ऊसतोडीला नव्हे, वीटभट्टीवर कामाला होते. गावातून शाळेला जायला वाहन नव्हतं. सहा किलोमीटर अंतर चालत-पळत जायचं. बारावीनंतर तो सैन्यात महार रेजिमेंटमध्ये गेला. सियाचीनच्या बर्फात राहिला, राजस्थानच्या वाळूत राहिला. शर्यतीकडे वळला तो २०१५ मध्ये, सैन्याच्या क्रॉसकंट्रीपासून. तेव्हा वय वीस-एकवीस. वजन वाढलेलं होतं, ते उतरवावं लागलं. प्रशिक्षक अमरीशकुमार यांनी त्याला स्टीपलचेसकडे वळवलं २०१७ मध्ये. २०१८ मध्ये भुवनेश्वरला त्याने ८ मिनिटे २९.८० सेकंदांची वेळ देऊन गोपाल सैनी यांचा १९८१ सालचा राष्ट्रीय विक्रम मोडला. सदतीस वर्षे कुणाला मोडता आला नव्हता तो.

मग २०२२ चा ऑगस्ट. बर्मिंगहॅमची राष्ट्रकुल स्पर्धा. त्याआधीच्या सहा राष्ट्रकुल स्पर्धांत, १९९८ पासून २०१८ पर्यंत, पुरुषांच्या स्टीपलचेसमधली तिन्ही पदके केनियाने नेली होती. सहा स्पर्धा, अठरा पदके, सगळी एकाच देशाची. बर्मिंगहॅमला केनियाचा अब्राहम किबिवोट ८ मिनिटे ११.१५ सेकंदांत पहिला आला आणि अविनाश ८ मिनिटे ११.२० सेकंदांत दुसरा. फरक सेकंदाच्या शंभर भागांपैकी पाच भागांचा. त्या वेगाला हे अंतर जेमतेम फूटभर होतं. आपल्या चार फुटी सरीचा पाव भाग.

तीन हजार मीटर पळून फूटभराने सोने गेले, म्हणून लोक हळहळले. मला त्यात दुसरी गोष्ट दिसते. २०१५ ते २०२२ अशी सात वर्षे लागली. मधल्या काळात २०१९ च्या दोहा जागतिक स्पर्धेत प्राथमिक फेरीत तो दुसऱ्यांच्या पडण्यात अडकला. भारताने तक्रार केली, ती मान्य झाली, आणि मग अंतिम फेरीत पळून त्याने टोकियोची पात्रता गाठली. टोकियोला प्राथमिक फेरीतच बाहेर गेला, पण राष्ट्रीय विक्रम करून बाहेर गेला. २०२३ मध्ये हांगझोऊच्या आशियाई स्पर्धेत ८ मिनिटे १९.५० सेकंदांत सुवर्ण मिळालं आणि ५००० मीटरला रौप्य. २०२५ च्या जुलैत मोनॅकोला पाण्याच्या उडीवरच पाय गेला, गुडघ्याचा बंध तुटला, शस्त्रक्रिया झाली आणि त्या वर्षीची जागतिक स्पर्धा हुकली. म्हणजे एवढ्या तयारीच्या माणसालाही ती बारा फूट पाण्याची जागा सोडत नाही.

दुसरं नाव ललिता बाबरचं. मोही, तालुका माण, जिल्हा सातारा. माण तालुक्याची दुष्काळी ख्याती मी सांगायला नको. तिथला शेतकरी आपल्या पट्ट्यातला पाट बघून सुस्कारा टाकतो. ललिता आधी खो-खो खेळायची, मग लांब पल्ल्याला वळली, मुंबई मॅरेथॉनमध्ये भारतीय महिलांत सलग तीन वर्षे पहिली आली आणि त्यानंतर स्टीपलचेसला आली. म्हणजे ४२ किलोमीटरवरून ३ किलोमीटरवर! २०१६ च्या रिओ ऑलिंपिकमध्ये प्राथमिक फेरीत तिने ९ मिनिटे १९.७६ सेकंदांचा राष्ट्रीय विक्रम केला आणि अंतिम फेरीत दहावी आली. १९८४ मध्ये पी. टी. उषा अंतिम फेरीत धावली होती, त्यानंतर ट्रॅकवरच्या वैयक्तिक शर्यतीत प्राथमिक फेरी पार करून अंतिम फेरीत पोचणारी ही पहिली भारतीय. बत्तीस वर्षांनी. पुढे ती राज्य शासनाच्या महसूल खात्यात अधिकारी झाली. मुलींच्या पालकांनी हे शेवटचं वाक्य दोनदा वाचावं, कारण "पळून काय पोट भरतं का" हा प्रश्न मला गावोगाव ऐकू येतो.

शेतकऱ्याच्या पायाची ही किंमत नवी नाही. शंभर वर्षांपूर्वी पुण्याला डेक्कन जिमखान्याच्या मैदानावर शर्यती भरत. अध्यक्ष होते सर दोराबजी टाटा. त्यांनी तिथे दख्खनची शेतकरी पोरं अनवाणी पळताना पाहिली आणि त्यांच्या वेळा पाहून त्यांना वाटलं की ही युरोपच्या धावपटूंपासून फार मागे नाहीत. त्या विचारातून १९२० च्या अँटवर्प ऑलिंपिकला भारताचा लहानसा संघ गेला. त्यात बेळगावचे फडेप्पा चौगुले होते. मॅरेथॉनमध्ये त्यांनी २ तास ५० मिनिटे ४५ सेकंद वेळ दिली आणि एकोणिसावे आले. त्या वर्षीची मॅरेथॉन नेहमीपेक्षा लांब, पावणेत्रेचाळीस किलोमीटरची होती. असो.

आता आपल्या पट्ट्याकडे येतो.

पहाटे साडेचार-पाचला मी गटात निघतो तेव्हा कारखान्याच्या रस्त्याला कमीत कमी तीस-चाळीस पोरं पळताना दिसतात. पोलीस भरती, सैन्य भरती, वनरक्षक. मुलीही असतात, बहुधा दोघी-तिघी मिळून, आणि एखादीचा भाऊ मागे मोटारसायकलवर. पळतात कुठे, तर डांबरी रस्त्यावर, आणि तेही हंगामात. एका बाजूने भरलेली ट्रॉली, दुसऱ्या बाजूने रिकामी, मध्ये बैलगाड्या. अंधार. ट्रॉलीला मागे रिफ्लेक्टर लावा म्हणून आम्ही दरवर्षी सांगतो, पट्ट्या फुकट वाटतो, तरी चिखलाने त्या झाकल्या जातात. गेल्या डिसेंबरमध्ये एका सभासदाचा मुलगा ट्रॉलीला ओलांडताना समोरच्या गाडीच्या इतका जवळ आला की ट्रॅक्टरवाल्याने ब्रेक मारून माझ्या जीपला पाठीमागून धडक बसायची वेळ आणली. सगळे वाचले. मुलगा पुढे पळत गेला, त्याला कळलंही नाही, कारण कानात गाणी होती.

हे झालं रस्त्याचं. दुसरं दुखणं पायाचं, आणि ते मी स्वतः भोगलं आहे.

कृषी पदविकेला असताना मी १५०० मीटर पळत असे. जिल्ह्याच्या निवडीला सात आठवडे होते. शिकवणाऱ्यांनी सांगितलं, रोज जेवढं पळतोस त्याच्या दुप्पट पळ आणि सगळं जोरात पळ. मुरमाचं मैदान, पायात कॅनव्हासचे बूट. चौथ्या आठवड्यात नडगी दुखायला लागली. "दुखतंय म्हणजे ताकद येतेय," असं उत्तर मिळालं. पाचव्या आठवड्यात जिना उतरता येईना. सहाव्यात एक्स-रे काढला, तर नडगीच्या हाडाला केसाएवढी चीर. चार महिने गेले. निवड गेली, ती गेलीच. त्यानंतर मी पळालो तो फक्त पिसाळलेल्या बैलापुढे.

चूक कुठे होती हे मला फार उशिरा उमगलं, आणि ते उसाच्या भाषेत सांगता येतं. पळायला लागलं की दम आठ-दहा आठवड्यांत वाढतो. काळीज एका ठोक्याला जास्त रक्त ढकलायला शिकतं, स्नायूंत बारीक रक्तवाहिन्या वाढतात. पण हाड, कंडरा, सांधा ह्यांची मजबुती त्याहून कितीतरी सावकाश येते. दम म्हणतो "चल," आणि हाड अजून तयार नसतं. नेमका ह्याच काळात मुलगा जोर वाढवतो आणि मोडतो. मोठ्या बांधणीआधी फुटवे यावे लागतात. लागणीच्या दुसऱ्या महिन्यात मोठ्या बांधणीचा डोस घालून ऊस बाराव्या महिन्याचा होत नाही, हे आपल्याला ठाऊक आहे. मुलाच्या पायाला मात्र आपण तो नियम लावत नाही. भरतीची जाहिरात आली की पोरगा उठतो आणि दोन महिन्यांत १६०० मीटर जिंकायला निघतो.

म्हणून काही गोष्टी सांगतो. ह्यात नवं काही नाही. लांब पल्ल्याचे जाणते प्रशिक्षक वर्षानुवर्षे हेच सांगत आले आहेत. आठवड्यातलं बहुतेक पळणं सावकाश असावं, इतकं सावकाश की बरोबरच्याशी बोलता आलं पाहिजे. बोलता येत नसेल तर वेग जास्त झाला. जोराचं पळणं आठवड्यातून एक-दोन दिवस पुरतं. एक दिवस पूर्ण विसावा. अंतर वाढवायचं ते थोडं थोडं, आणि तीन आठवडे वाढवलं की चौथ्यात कमी करायचं. नडगीला एका ठिकाणी बोट दाबल्यावर कळ आली तर त्या दिवशी पळू नये. कळ आठवडाभर राहिली तर डॉक्टरांना दाखवावं. मुलींच्या बाबतीत रक्तातलं हिमोग्लोबिन जरूर तपासून घ्यावं. प्राथमिक आरोग्य केंद्रात ती तपासणी होते. दम स्नायूंपर्यंत पोचवायचं काम हिमोग्लोबिन करतं. ते कमी असेल तर मुलगी आळशी नसते, तिच्या रक्तात लोह कमी असतं. नुसता चहा पिऊन पळायला जाऊ देऊ नये, आल्यावर भाकरी-डाळ-शेंगदाणे पोटभर द्यावेत.

आणि इंजेक्शनं. भरतीच्या आदल्या दिवशी कुणीतरी "ताकदीचं" इंजेक्शन देतो, गोळ्या देतो, पैसे घेतो. उन्हात भरतीच्या मैदानावर मुलं कोसळून दगावल्याच्या बातम्या आपण वाचल्या आहेत. इंजेक्शनाने त्यातला धोका वाढतो, घटत नाही. उसाला खत दुकानदार सांगेल तेवढं टाकू नका म्हणून मी गळा काढतो, इथेही तेच म्हणतो.

ह्या सगळ्यात एक मुलगी माझ्या डोक्यात बसली आहे. २०२४-२५ च्या हंगामात आष्टीकडच्या एका टोळीबरोबर आली होती. तेरा-चौदा वर्षांची. आईवडील पहाटे फडात जात, ही कोपीत भाकऱ्या करून धाकट्या भावाला शेजारणीकडे सोपवून जेवण घेऊन फडाकडे यायची. अंतर दीड-दोन किलोमीटर. उशीर झाला की पळत यायची, डोक्यावर बुट्टी आणि एक हात वर. आमच्या स्लिपबॉयने ते पाहिलं. तो स्वतः भरतीची तयारी करणारा. एके दिवशी त्याने तिला बुट्टी खाली ठेवायला लावली आणि कॅनॉलच्या कडेला दोन मैलदगडांच्या मधलं अंतर पळायला सांगून मोबाईलवर वेळ लावली. मग माझ्याकडे येऊन म्हणाला, "साहेब, ही माझ्या बरोबरीच्या पोरींना मागं टाकील." वेळ मी इथे लिहीत नाही, कारण मोबाईलवर धरलेल्या वेळेचा भरवसा नसतो. मी तिला विचारलं, शाळेत जातेस का? "गावाकडं जाते," म्हणाली. म्हणजे जून ते ऑक्टोबर. मार्चमध्ये पट्टा पडला, टोळी गेली.

२०२५-२६ ला टोळी आली, मुलगी आली नाही. मी मुकादमाला विचारलं. म्हणाला, "तिला हंगामी वसतिगृहात ठेवलीय साहेब, आठवीला हाय." खरोखर बरं वाटलं. अशा बातम्या टोळीकडून दरवेळी मिळत नाहीत. कधी कधी तेरा-चौदाव्या वर्षीच मुलीचं लग्न लावून पुढच्या हंगामाला कोयत्याची जोडी वाढवलेली असते. मी पुढे विचारलं, पळते का? मुकादम म्हणाला, "ते मला काय ठाऊक?"

ते मलाही ठाऊक नाही. पण तिची आई ह्या हंगामात त्याच कोपीत होती आणि तिला हे ऐकून हसू आलं. "तिला म्हणलं होतं, पळू नको, बुट्टी सांडंल," म्हणाली. "सांडली कधी?" मी विचारलं. "न्हाई बा. एकदाबी न्हाई."

आता एक एकराचं बोलणं.

आमच्या गटातल्या एका सभासदांनी खोडवा तोडून रान मोकळं केलं आहे. अडसालीसाठी जुलैपर्यंत ते पडीक राहील. ते म्हणाले, पोरांना पळायला द्या. ती मोजणी मी केली. ज्यांना आपल्या गावी करायची आहे त्यांच्यासाठी देतो, कारण शाळेतल्या मास्तरांनाही मैदान आखताना नेहमी घोळ होतो.

रान साधारण ८५ मीटर लांब आणि ४५ मीटर रुंद असावं. हे सुमारे ३८ गुंठे भरतं, म्हणजे एकराच्या आतच. बुडखे आणि पाचट पूर्ण काढून नांगरट करावी, ढेकळं फोडून दोनदा फळी मारावी, हलकं पाणी देऊन वाफसा आल्यावर रोलर फिरवावा. बुडख्याचा एकही तुकडा राहू देऊ नये, तो पायात खिळ्यासारखा जातो. मग रानाच्या मध्यावर लांबीच्या दिशेने दोन खुंट्या ठोकाव्यात, बरोबर ४० मीटर अंतरावर. प्रत्येक खुंटीला १८ मीटर ९० सेंटिमीटरची दोरी बांधून बाहेरच्या बाजूने अर्धं वर्तुळ काढावं. सुती दोरी ताणते, म्हणून तार वापरावी. दोन्ही अर्धवर्तुळांची टोकं सरळ रेषांनी जोडावीत. ही आतली रेषा झाली. धावणारा रेषेपासून वीस सेंटिमीटर बाहेरून पळतो असं धरलं की एक फेरी २०० मीटरची भरते. तपासायला: दोन सरळ बाजूंचे ८० मीटर, आणि १९ मीटर १० सेंटिमीटर त्रिज्येच्या पूर्ण वर्तुळाचे १२०. आतल्या रेषेबाहेर एक मीटर बावीस सेंटिमीटरची एक याप्रमाणे तीन पट्टे बसतात. १६०० मीटर म्हणजे आठ फेऱ्या. ८०० म्हणजे चार. ३००० म्हणजे पंधरा.

रेघा ओढायला चुना लागतो. रस निवळायला आणलेल्या चुन्यातल्या दोन पाट्या कार्यकारी संचालक साहेबांच्या मंजुरीने स्टोअरमधून घेतल्या, त्याची रीतसर नोंद आहे, तेव्हा वार्षिक सभेत प्रश्न नको. चुना हातमोजे घालून टाकावा आणि दहिवर पडलेल्या पहाटे मुलांना रेघेवर अनवाणी पाय देऊ देऊ नये.

गोळाफेकीसाठी एका कोपऱ्यात साडेतीन फूट त्रिज्येचं वर्तुळ आखलं आहे. भरतीला पुरुषांचा गोळा ७.२६ किलोचा, महिलांचा ४ किलोचा. एक सभासद म्हणाले, आमच्या पोराचा एक हात अधू आहे, त्याला कशाला. त्यांना मी सचिन खिलारींचं सांगितलं. करगणी, तालुका आटपाडी. लहानपणच्या अपघाताने डावा हात निकामी झालेला, आणि २०२४ च्या पॅरिस पॅरालिंपिकमध्ये १६.३२ मीटर गोळा टाकून रौप्य. पोरगा दुसऱ्या दिवशी मैदानावर आला.

अडथळे आम्ही अजून केलेले नाहीत. वर्कशॉपमध्ये जुन्या लाकडी स्लीपरचे तुकडे पडले आहेत, त्यातून दोन करता येतील असं फोरमन म्हणतात. पाण्याचा खड्डा मात्र करणार नाही, तो जाणत्या माणसाशिवाय करण्यासारखा नाही. आबांनी मात्र एकदा येऊन पाहिलं आणि विचारलं, "पाणी कुठाय?"

सध्या पहाटे पाच ते साडेसहा मुलं-मुली येतात. मुलींच्या वेळेला शाळेच्या क्रीडाशिक्षिका हजर असतात. तोडणी टोळ्यांची मुलं, जी अजून तळावर आहेत, त्यांनाही मज्जाव नाही. मुकादमांना तसं कळवलं आहे. आणखी दोन गटांतून मागणी आहे. ज्या सभासदांचं रान खोडवा तुटून अडसालीपर्यंत रिकामं राहणार असेल, रस्त्यापासून आत असेल आणि विहिरीला कठडा असेल, त्यांनी गट नंबर, क्षेत्र आणि कधीपर्यंत देता येईल हे लिहून आपल्या गट ऑफिसात चिठ्ठी द्यावी. आखणीला मी किंवा ओव्हरसियर टेप घेऊन येऊ. खुंट्या आणि तार सभासदांनी ठेवावी.